कसबा ते विश्रामबाग कोडेफेरी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कोडेफेरी म्हणजे नेमकं काय?

एक छोटी पुस्तिका, १४ कोडी आणि जुन्या पुण्यातला सुमारे ४ किलोमीटरचा रस्ता. प्रत्येक कोडं तुम्हाला एका जागी नेतं. तिथे पोचल्यावर काहीतरी मोजायचं, वाचायचं, ऐकायचं किंवा जुळवायचं असतं आणि आलेल्या उत्तरातूनच पुढची जागा कळते. बरोबर वाटाड्या नाही, कुणाशी स्पर्धा नाही, वेळेचं बंधन नाही. रस्ता शनिवारवाड्यापासून निघून कसबा पेठ, सोमवार पेठ, फडके हौद, बेलबाग, तुळशीबाग, मंडई असा फिरत विश्रामबागवाड्यापाशी संपतो.

वाटाड्या नसेल तर इतिहास सांगणार कोण?

पुस्तिकेत प्रत्येक कोड्यामागे एक दुमडलेलं पान आहे. कोडं सुटलं की ते उघडायचं, आधी नाही. त्या जागेची माहिती तिथे मिळते.

आधी माहिती आणि मग दर्शन असा क्रम आम्ही मुद्दाम उलटा केला. दरवाजासमोर उभं राहून पाच मिनिटं त्याचे खिळे मोजले की हे एवढे खिळे कशाला, असा प्रश्न आपोआप पडतो, आणि पडलेल्या प्रश्नाचं उत्तर माणूस विसरत नाही. जाणकार माणसाबरोबर गावात फिरण्याचं सुख वेगळं आहे, ते जरूर घ्या. पण तिथे नजर बोलणाऱ्याच्या चेहऱ्याकडे जाते, भिंतीकडे नाही.

मी पुण्यातच वाढलो. मला यात नवीन काय मिळणार?

आम्हाला सर्वांत लांब पत्रं पुण्यातच वाढलेल्या लोकांची येतात.

तुळशीबागेचंच पाहा. भांडी, पूजेचं साहित्य, बांगड्या, भातुकली घ्यायला आपण वर्षानुवर्षं जातो. या बाजाराच्या मधोमध राममंदिर आहे, हेही माहीत असतं. पण मान वर करून त्याचा कळस किती जणांनी नीट पाहिलाय? नारो अप्पाजी खिरे यांनी १७६१ मध्ये हे मंदिर बांधायला घेतलं. पुढे हे घराणं तुळशीबागवाले याच नावानं ओळखलं जाऊ लागलं. आमचं अकरावं कोडं त्या शिखरावर आहे. तिथे उभं राहून ‘अरे, हे इथे होतं?’ असं म्हणणारे बहुतेक सगळे जन्मानं पुणेकरच असतात.

सुरुवात कुठून करायची? यायचं कसं?

शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाजासमोरच्या पटांगणातून. भूमिगत मेट्रोची कसबा पेठ आणि मंडई ही स्थानकं सप्टेंबर २०२४ मध्ये सुरू झाल्यापासून आमचं काम फार सोपं झालं आहे. कसबा पेठेला उतरा, फेरी करा आणि मंडईतून परत जा. पीएमपीच्या बसही शनिवारवाड्याला थांबतात.

चारचाकी आणू नका. पेठांत ती लावायला जागा नाही, आणि जागा शोधण्यात गेलेला तास फेरीची सगळी मजा घालवतो.

किती वेळ लागतो?

रमतगमत तीन ते चार तास. एका दमात जमत नसेल तर फडके हौदाशी थांबा आणि उरलेली फेरी दुसऱ्या दिवशी करा. पुस्तिकेतही तिथेच अर्धविराम घातला आहे.

कोणत्या दिवशी, किती वाजता यावं?

आठवड्यातला कामाचा दिवस, सकाळी नऊच्या सुमारास. रविवारी रस्ते मोकळे असतात म्हणून अनेकांना तो दिवस सोयीचा वाटतो, पण सुट्टीच्या दिवशी तांबट आळी, म्हणजे तांब्याची भांडी घडवणाऱ्यांची आळी, गप्प असते आणि आमचं चौथं कोडं आवाजावर आहे.

दुपारी एक ते चार या वेळात जुन्या पेठांतली बरीच दुकानं बंद असतात. खरेदी करायची असेल तर ही वेळ टाळा. पाहायला मात्र ती चांगली आहे. गर्दी ओसरते, रस्त्याच्या मधोमध क्षणभर थांबता येतं, आणि दुकानांच्या पाट्यांच्या वर असलेले लाकडी सज्जे आणि त्यांना धरून ठेवणारे कोरीव हस्त डोळ्यांना दिसायला लागतात.

गणेशोत्सवात आम्ही फेरी बंद ठेवतो. त्या दिवसांत मानाचे गणपती पाहायला या. कसबा, तांबडी जोगेश्वरी, गुरुजी तालीम, तुळशीबाग आणि केसरीवाडा हा क्रम पाठ करून आलात तर आमचं एक कोडं आत्ताच सुटलं म्हणून समजा. दिवाळीच्या आधीचे आठ-दहा दिवसही टाळा. तेव्हा तुळशीबागेत पाऊल ठेवायला जागा नसते.

कोडी असतात तरी कशी? एखादं नमुन्याला द्या.

फेरीतलं देत नाही. रस्त्यावर नसलेल्या जागेचं एक देतो :

पानिपतानंतर जन्मलो,
नावात लाकूड, अंगात दगड.
सरकारदरबारी नाव एका छत्रपतींचं,
रिक्षावाल्याला मात्र जुनंच सांगा.

उत्तर, लकडी पूल. १७६१ मध्ये पानिपतावर झालेल्या संहारानंतर नानासाहेब पेशव्यांनी मुठेवर हा लाकडी पूल बांधवला. लाकूड गेलं, दगडी कमानी आल्या, अधिकृत नाव संभाजी पूल झालं, पण लोकांच्या तोंडून लाकूड काही सुटलं नाही. या चार ओळी सोडवायला पाठांतर लागत नाही. नाव आणि वस्तू यांच्यातली विसंगती तेवढी दिसावी लागते. पुण्यात अशा विसंगती पावलोपावली आहेत. ‘फडके हौद’ म्हणून बसमधून उतरावं आणि चारी बाजूंना पाहिलं तरी हौद काही डोळ्यांत भरू नये! एकेकाळी कात्रजच्या तलावातून जमिनीखालच्या नळानं गावात पाणी खेळत होतं. १७४९-५० च्या सुमारास नानासाहेबांच्या काळात ही योजना सुरू झाली आणि त्या पाण्यावर पेठापेठांतले हौद भरत. पाण्याची ती व्यवस्था आज वापरात नाही, पण थांब्यांच्या आणि चौकांच्या नावांत तिचा नकाशा अजून शिल्लक आहे. काळा हौद, फडके हौद, नाना हौद अशी नावं कागदावर मांडून पाहा.

दुसरी जात मोजायच्या कोड्यांची. दिल्ली दरवाजाचे अणकुचीदार खिळे, मंडईच्या मधल्या मनोऱ्याच्या बाजू, विश्रामबागवाड्याच्या दर्शनी भागातले सुरूदार (सुरूच्या झाडाच्या आकाराचे) खांब. ही मुलांच्या हातात द्यावीत. ती मोठ्यांपेक्षा अचूक मोजतात.

तिसरी जात ऐकायची. तांबट आळीच्या तोंडाशी आल्यावर पुस्तिका सांगते, नकाशा मिटा आणि आवाजाच्या दिशेनं जा. तांब्याच्या भांड्यावर हातोडीनं एकसारखे ठोके देत जे काम चालतं त्याला मठारकाम म्हणतात. त्या ठोक्यांनी पत्रा घट्ट होतो आणि भांड्याला ती ओळखीची चमचमती ठिपक्यांची नक्षी येते. प्रत्येक कारागिराची लय वेगळी असते. कोडं काय आहे ते सांगत नाही, पण तिथे दहा मिनिटं उभं राहावं लागेल.

चौथी जात जुळवायची, आणि ती आमची सर्वांत लाडकी. जिलब्या मारुती, सोन्या मारुती, पासोड्या विठोबा, खुन्या मुरलीधर, उपाशी विठोबा, चिमण्या गणपती, गुपचूप गणपती. पुण्यानं देवांना ठेवलेली ही नावं बाहेरच्यांना थट्टा वाटतात, पण ती गावाची टिपणवही आहे. शेजारी जिलबीचं दुकान म्हणून जिलब्या, सोनारांची वस्ती म्हणून सोन्या, भोवती पासोड्यांचा, म्हणजे जाड पांघरुणांचा, बाजार म्हणून पासोड्या. तो बाजार उठून किती काळ लोटला, तरी त्याची नोंद विठोबानं सांभाळली आहे.

उत्तरं फोनवर शोधली तर?

शोधा, पण बहुतेक वेळा हाती काही लागणार नाही. कोडी रचताना आमचा नियम एकच होता, उत्तर जागेवरच सापडलं पाहिजे. पायरी, खांब, फळी, पाटी, आवाज, वास.

एका कोड्याच्या बाबतीत फोन चक्क चुकवतो, आणि ती गोष्ट सांगण्यासारखी आहे. शनिवारवाड्याचा पाया १० जानेवारी १७३० रोजी घातला आणि वास्तुशांत २२ जानेवारी १७३२ रोजी झाली. दोन्ही दिवस शनिवार. चाचणीच्या वेळी एका कॉलेजच्या मुलीनं फोनच्या कॅलेंडरमध्ये १७३० सालापर्यंत मागे जाऊन पाहिलं तर मंगळवार! दुसरी तारीख पाहिली, तीही मंगळवारच. तिनं आम्हाला तिथूनच फोन केला : तुमची पुस्तिका चुकली आहे.

आम्ही घाबरलो. मग कागद घेऊन बसलो तेव्हा उलगडा झाला. या तारखा इंग्रजांच्या जुन्या, ज्युलियन पद्धतीच्या आहेत. इंग्रजांनी १७५२ मध्ये नवी पद्धत घेतली, तेव्हा मधले अकरा दिवस गाळले. फोन मात्र आजचीच पद्धत मागे ताणत नेतो. अकरा दिवस मिळवा, म्हणजे २१ जानेवारी १७३० आणि २ फेब्रुवारी १७३२ पाहा. दोन्ही शनिवार. त्या मुलीमुळे पुस्तिकेत एक नवं कोडं आलं, सहावं.

इतिहास फारसा येत नाही. मोडी, संस्कृत, फारसी तर नाहीच. जमेल?

जमेल. वाचायचं असेल तिथे देवनागरी आहे किंवा अक्षराची नुसती आकृती जुळवायची आहे.

सोमवार पेठेतल्या त्रिशुंड गणपतीच्या देवळात हा प्रश्न सर्वांना पडतो, कारण तिथे संस्कृत आणि फारसी असे दोन्ही भाषांतले शिलालेख आहेत. बांधकाम १७५४ मध्ये सुरू झालं. ते गोसावी पंथीयांचं, आणि तळघरात समाधी. सगळ्या पुण्यात असं दुसरं देऊळ नाही. काळ्या दगडात कोरलेला दर्शनी भाग, तीन सोंडांचा गणपती, आणि वाहन उंदीर नसून मोर. आमचं कोडं दाराच्या बाजूच्या शिल्पांवर आहे. तिथे एक प्राणी साखळदंडात बांधलेला दिसेल, जो सह्याद्रीत कुणी पाहिलेला नाही, आणि त्याला बांधणाऱ्यांचे कपडे या मातीतले नाहीत. अठराव्या शतकातल्या पुण्याच्या एका पाथरवटाला देशात दूरवर काय चाललंय याची खबर होती, एवढं त्या दगडातून कळतं. शिल्पाचा अर्थ अभ्यासक वेगवेगळा लावतात. आम्ही पुस्तिकेत आमचा अर्थ दिलेला नाही. तुम्ही तुमचा काढा.

या देवळासाठी सवड ठेवा. घाईत असाल तर दुसरं एखादं कोडं सोडा, हे सोडू नका.

अडकलो तर?

शेवटच्या पानांवर प्रत्येक कोड्यासाठी तीन सूचना उलट्या छापल्या आहेत, तिसऱ्या सूचनेत जवळपास उत्तरच आहे. पण त्याआधी एक करा. समोरच्या दुकानदाराला, ओट्यावर बसलेल्या आजोबांना विचारा. ‘काका, जरा विचारू का?’ एवढ्यानं काम होतं. दुकानात गिऱ्हाईक नसेल असं पाहा म्हणजे झालं.

मुलांना आणावं का?

आठ वर्षांपुढची मुलं छान रमतात. त्याहून लहान असतील तर अर्धीच फेरी करा. रस्त्यांवर वाहनं असतात आणि पदपथ सगळीकडे नाहीत, तेव्हा कोडं वाचणाऱ्यानं एका जागी उभं राहूनच वाचायचं, चालता चालता नाही.

आजी-आजोबांना किंवा चाकाच्या खुर्चीतून येणाऱ्यांना जमेल का?

स्पष्टच सांगतो, पूर्ण फेरी चाकाच्या खुर्चीतून होणार नाही. उंबरे आहेत, पायऱ्या आहेत, फुटलेल्या फरश्या आहेत. आम्हाला याचं वाईट वाटतं. म्हणून पाच कोड्यांची एक वेगळी पत्रिका केली आहे. ती शनिवारवाड्याचं पटांगण, लाल महालाचा बाहेरचा भाग आणि विश्रामबागवाड्याचा दर्शनी भाग एवढ्या तीनच जागांवर सोडवता येते, मधलं अंतर रिक्षानं जायचं. गुडघेदुखी असणाऱ्या कितीतरी आजींनी ती पूर्ण केली आहे.

किती जणांनी मिळून यावं?

दोन ते पाच. पाचाहून जास्त झाले की दोघं कोडं सोडवतात आणि बाकीचे गप्पा मारतात. शाळेचा वर्ग आणायचा असेल तर गट पाडा आणि अर्ध्या-अर्ध्या तासानं सोडा. तांबट आळीत किंवा देवळात चाळीस मुलं एकदम आली तर तिथल्या माणसांची कामं थांबतात.

देवळात, वाड्यात, आळीत कसं वागावं?

ही सगळी लोकांची घरं, देवघरं आणि कारखाने आहेत. एवढं ध्यानात ठेवलं तर बाकीचं आपोआप जमतं. तरी लोक विचारतात म्हणून सांगतो.

वाड्याचा दिंडी दरवाजा उघडा दिसला म्हणजे आत शिरायची परवानगी मिळाली असं नाही. आमचं एकही कोडं खासगी वाड्याच्या आत नाही. देवडीपर्यंत दिसतं तेवढंच पाहायचं. कुणी ‘या ना आत’ म्हटलं तर जा, चपला बाहेर काढा, आणि चौकातल्या दोरीवर कपडे वाळत असतील तर त्यांचे फोटो काढू नका. पहिल्या वर्षी आमच्याकडून ही चूक झाली होती. फेरीच्या प्रसिद्धीसाठी काढलेल्या एका सुंदर फोटोत एका बिऱ्हाडाचं न्हाणीघर दिसत होतं. त्या घरातल्या काकूंनी बोलावून सांगितलं, ओरडल्या नाहीत, पण आम्हाला फार ओशाळल्यासारखं झालं. तो फोटो आम्ही त्याच दिवशी काढून टाकला.

कसबा गणपती हे पुण्याचं ग्रामदैवत. दर्शन घ्यायचं असेल तर रांगेत उभे राहा. फक्त कोड्यासाठी आला असाल तर रांगेला अडथळा करू नका, उत्तर बाहेरूनही दिसतं.

तांबट आळीत कारागिराचा फोटो काढण्याआधी विचारा. हातोडी चालू असताना मधे बोलू नका, ठोका चुकतो.

बुधवार पेठेतल्या काही गल्ल्यांत फेरी मुद्दामच नेलेली नाही. तिथल्या बायका ही पाहायची गोष्ट नव्हे. चुकून त्या बाजूला गेलात तर फोन खिशात ठेवा आणि सरळ पुढे चला.

पुस्तिकेतल्या सगळ्या गोष्टी खऱ्या आहेत का?

सगळ्या सारख्या खऱ्या नाहीत, म्हणून प्रत्येकीपुढे खूण आहे : कागद, दगड किंवा तोंड. कागद म्हणजे त्या काळचा लेखी पुरावा आहे. दगड म्हणजे वस्तू अजून जागेवर आहे, जाऊन हात लावून या. तोंड म्हणजे लोक सांगत आले आहेत.

३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला, आणि त्याबद्दल रामशास्त्री प्रभुणे यांनी राघोबादादांना दोषी ठरवलं, यापुढे ‘कागद’ आहे. आनंदीबाईंनी चिठ्ठीतल्या ‘ध’चा ‘मा’ केला, यापुढे ‘तोंड’. अमावास्येच्या रात्री ‘काका, मला वाचवा’ ऐकू येतं, यापुढेही ‘तोंड’. त्या गोष्टी आम्ही गाळल्या नाहीत. गावाला सतरा-अठरा वर्षांच्या त्या मुलाचं मरण अजून सलतं, हे त्या हाकेतून समजतं. पण कागद आणि तोंड यांची सरमिसळ करायची नाही, हे ठरलेलं आहे.

लाल महालाशी हा भेद सर्वांत उपयोगी पडतो. एप्रिल १६६३ मध्ये महाराजांनी इथे मुक्काम ठोकून बसलेल्या शाहिस्तेखानावर रात्री छापा घातला, हे पक्कं. समोर दिसणारी इमारत मात्र पुणे महानगरपालिकेनं विसाव्या शतकात बांधलेलं स्मारक आहे. मुलं भिंतीवर हात ठेवून ‘महाराजांनी इथेच हात लावला असेल ना?’ असं विचारतात. त्यांना खोटं सांगू नका. भिंत नवी आहे, जागा तीच आहे, असं सांगा. मुलांना ते समजतं.

शनिवारवाड्याचंही तसंच. १८२८ च्या आगीत आतली लाकडी इमारत जळून गेली. तट, बुरूज, दरवाजे आणि जोती उरली. आत गेल्यावर ‘काहीच नाही’ म्हणून लोक हिरमुसतात. जोत्यांवरून चालून पाहा, कुठली खोली मोठी, कुठली लहान, कुठे उंबरा होता. आमचं दुसरं कोडं पूर्णपणे या जोत्यांवर आहे.

कोड्यातली जागा सापडतच नाही. असं का?

कधी कधी ती जागाच गेलेली असते. हा प्रश्न आला की आमच्यातला एकजण दुसऱ्याच दिवशी जाऊन पाहून येतो.

पेठांत वाडे पडतात, पाडले जातात, त्यांच्या जागी इमारती उभ्या राहतात. पावसाळ्यात गळणाऱ्या, वाटण्यांच्या वादात अडकलेल्या वाड्यात राहणं काय असतं हे तिथे राहणाऱ्यांनाच माहीत, तेव्हा त्यांना दोष द्यायला आम्ही धजत नाही. पण एखादी कोरीव तुळई भंगारच्या टेम्पोत चढताना पाहिली की पोटात तुटतं. पहिल्या आवृत्तीतली तीन कोडी अशीच गेली. एक दाराच्या गणेशपट्टीवरचं, एक दुकानाच्या हातानं रंगवलेल्या पाटीवरचं, आणि तिसरं भिडेवाड्याचं.

भिडेवाडा बुधवार पेठेत, दगडूशेठ गणपतीच्या समोरच्या बाजूला. १८४८ मध्ये जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी तिथे मुलींची शाळा सुरू केली. दीर्घकाळ चाललेल्या न्यायालयीन लढाईनंतर, राष्ट्रीय स्मारक उभारण्यासाठी, डिसेंबर २०२३ मध्ये तो मोडकळीला आलेला वाडा पाडण्यात आला. आमचं जुनं कोडं त्याच्या दर्शनी भागावर होतं. ते काढून टाकावं असा एक विचार झाला, पण मन धजेना. आता तिथलं कोडं बदललं आहे : रस्त्याच्या पलीकडे उभे राहा, डोळ्यांसमोर १८४८ ची ती वाट आणा, आणि तिथून मंडईकडे चालत जाताना पावलं मोजा. का, ते मंडईत कळतं.

मंडई १८८६ मध्ये उघडली तेव्हा मुंबई प्रांताच्या गव्हर्नरच्या नावानं ‘रे मार्केट’ होती. जोतीराव फुले नगरपालिकेचे सदस्य असताना या बांधकामावरच्या खर्चाला त्यांचा विरोध होता. हा पैसा शिक्षणाला लावा, असं त्यांचं म्हणणं होतं. पुढे याच इमारतीला महात्मा फुले मंडई हे नाव मिळालं. त्यांची पहिली शाळा आणि त्यांच्या नावाची ही इमारत यांच्यातलं अंतर पायांनी मोजावं, एवढाच त्या कोड्याचा हेतू आहे.

भूक लागली तर?

पेठांत उपाशी राहणं अवघड. अमृततुल्य चहा दर वळणावर आहे, फडके हौदाच्या परिसरात मिसळ, तुळशीबागेतही मिसळ, आणि उन्हाळ्यात बाजीराव रस्त्याकडे वळलात तर मस्तानी, म्हणजे आइस्क्रीम घातलेलं घट्ट दूध. कोडं आणि मिसळ एकाच वेळी करू नका. रश्शाचे डाग पडलेल्या पुस्तिकेतली उलटी अक्षरं वाचता येत नाहीत, हे आम्हाला अनेकांनी कळवलं आहे.

पाणी आणि स्वच्छतागृह?

पाण्याची बाटली बरोबर ठेवा. निघण्यापूर्वी शनिवारवाड्यापाशी आणि मधे मंडईपाशी स्वच्छतागृह वापरून घ्या. मेट्रो स्थानकांतलीही उपयोगी पडतात.

पावसात करता येते का?

रिमझिम असेल तर जरूर. ओल्या काळ्या दगडावरचं कोरीवकाम एरवीपेक्षा स्पष्ट दिसतं. मुसळधार असेल तर नको. नागझरी आणि मुठेच्या काठाला पाणी चढतं तेव्हा तर अजिबात नको. १२ जुलै १९६१ ला पानशेतचं धरण फुटून आलेला पूर नदीकाठच्या पेठांनी पाहिला आहे, आणि त्या दिवसाच्या आठवणी सांगणारे लोक तुम्हाला वाटेत अजूनही भेटतील. वेळ असेल तर त्यांच्यापाशी थांबा.

मराठी न येणारे मित्र बरोबर आहेत. चालेल?

मोजायची आणि ऐकायची कोडी त्यांना सोडवू द्या, शब्दांची तुम्ही सोडवा. इंग्रजी पुस्तिका करायचा प्रयत्न झाला होता. ‘पासोड्या विठोबा’पाशी आम्ही थांबलो.

शुल्क किती? शेवटी बक्षीस काय?

शुल्क नाही. पुस्तिका उतरवून घ्या, घरी छापा, दोन्ही बाजूंनी छापलीत तर सात कागद लागतात. बक्षीसही नाही. चौदा उत्तरांतलं एकेक अक्षर जोडलं की एक ओळ तयार होते. ती विश्रामबागवाड्यासमोर उभं राहून मोठ्यानं वाचायची, एवढंच. दुसऱ्या बाजीरावानं हा वाडा १८०७ च्या सुमारास राहण्यासाठी बांधला. १८१८ मध्ये पेशवाई गेली आणि १८२१ मध्ये इंग्रजांनी तिथे संस्कृत पाठशाळा सुरू केली. त्या ओळीचा या वाड्याशी काय संबंध, ते तिथे समजेल.

आम्हाला आमच्या गावात अशी फेरी करायची आहे. कुठून सुरुवात करू?

हा प्रश्न आला की आम्हाला सर्वांत आनंद होतो.

आधी वही न घेता तीनदा फिरा. एकदा सकाळी, एकदा भर दुपारी, एकदा दिवेलागणीला. जे तिन्ही वेळा डोळ्यांत भरलं तेच घ्या. मग ग्रंथालयात बसा. क्रम उलटा केलात तर पुस्तकात आहे तेवढंच गावात दिसेल.

कोडं असं हवं की उत्तर एक शब्द किंवा एक आकडा असेल आणि त्यावर वाद होणार नाही. ‘सुंदर खांब कोणता?’ हे कोडं नव्हे. रंगवलेली पाटी, कागदी फलक, झाडाला बांधलेली वस्तू यांवर कोडं बेतू नका, महिन्याभरात जाईल. दगड, लोखंड आणि नाव यांवर बेता. आणि वस्तूत दडलेला प्रश्न शोधा. वाईला कृष्णेच्या घाटावर रास्त्यांनी १७६२ मध्ये बांधलेला ढोल्या गणपती आहे. त्या देवळाची मागची भिंत सरळ नसून टोकदार का, एवढंच विचारा. पोरं नदीकडे बघतील, पुराचं पाणी कुठून येतं ते बघतील आणि स्वतःच सांगतील की पाणी दुभंगून दोन्ही बाजूंनी जावं म्हणून. पणजीत फोंतेंन्यासला घरांच्या नावांच्या निळ्या-पांढऱ्या फरश्या आहेत, तिथे अक्षरांची कोडी सुंदर होतील. पैठण, नाशिकची पंचवटी, सातारा, कोल्हापूर, सगळीकडे सामग्री पडून आहे.

ज्यांच्या दारासमोर लोक थांबणार आहेत त्यांना आधी भेटा. मसुदा गावाची माहिती नसलेल्या दोघांच्या हातात द्या आणि मागे दहा पावलांवरून गप्प चालत राहा. तोंड उघडायचा मोह फार होतो. तो आवरा. ते जिथे चुकतात तिथे कोडं चुकलेलं असतं.

आणि दर तीन महिन्यांनी स्वतः फेरी करा. आमच्याकडे या कामाची वही आहे. काय गेलं, काय बदललं, कुठली पाटी नवी आली, तारखेसह. मागचं पान वाचताना कधी कधी फेरीपेक्षा तीच वही महत्त्वाची वाटू लागते.

पुस्तिकेत चूक सापडली तर?

लगेच कळवा. कोड्याचा क्रमांक, तुम्ही पाहिलं तो दिवस, आणि शक्य असेल तर त्या जागेचा एक फोटो. न्हाणीघर दिसत नाही ना, एवढं पाहून.